आठ गोल आणि एक घोटा

रियान ब्रूस्टर या इंग्लिश फुटबॉलपटूचं नाव निघालं की आमच्या घरात अजूनही वाद होतो. माझा भाचा आता नोकरीला लागलाय, पण फुटबॉलचं वेड तसंच आहे. त्याचं म्हणणं एका वाक्यात संपतं, "मावशी, तो पोरगा फुकट गेला." मी फिजिओथेरपिस्ट आहे. इंदिरानगरला माझं छोटं क्लिनिक आहे आणि रोज संध्याकाळी तिथे कुणाचा गुडघा, कुणाचा घोटा माझ्या हातात असतो. मला ते वाक्य सहन होत नाही. जेवणाच्या ताटावर हा वाद मिटत नाही, म्हणून आज इथे नीट लिहितेय.

नाव विसरला असाल तर आठवण करून देते. २०१७ च्या ऑक्टोबरमध्ये सतरा वर्षांखालील मुलांचा फुटबॉल विश्वचषक भारतात झाला. फिफाची स्पर्धा आपल्याकडे पहिल्यांदाच येत होती. तिच्या आधी १५ सप्टेंबरला राज्यभर शाळाशाळांतून फुटबॉल खेळवला गेला, चेंडू वाटले गेले. आपल्या नाशिकमध्ये क्रिकेटपलीकडे न बघणारी पोरंसुद्धा त्या दिवशी चेंडूमागे पळत होती. भारताच्या संघात कोल्हापूरचा अनिकेत जाधव होता, त्याचं आम्हाला केवढं कौतुक! आपण तिन्ही सामने हरलो. पण ९ ऑक्टोबरला कोलंबियाविरुद्ध जीक्सन सिंगने कॉर्नरवर डोक्याने गोल मारला, तेव्हा आमच्या सोसायटीत दिवाळीचे फटाके आठवडाभर आधीच वाजले.

ब्रूस्टर इंग्लंडचा स्ट्रायकर, म्हणजे गोल मारायला सर्वांत पुढे खेळणारा. २१ ऑक्टोबरला मडगावमध्ये अमेरिकेविरुद्ध त्याने तीन गोल मारले. चारच दिवसांनी उपांत्य सामन्यात ब्राझीलविरुद्ध पुन्हा तीन. हा सामना खरं तर गुवाहाटीला व्हायचा होता, पण पावसाने तिथलं मैदान खराब झालं आणि ऐन वेळी तो कोलकात्याला हलवला. त्याच दिवशी दुसरा उपांत्य सामना स्पेन आणि मालीचा होता, नवी मुंबईत, डी. वाय. पाटील स्टेडियमवर. त्याची तिकिटं आम्ही काढली होती. भाचा, त्याचे मित्र आणि जबाबदार मोठं माणूस म्हणून मी, असे क्रूझर करून दुपारीच निघालो. कसारा घाट उतरलो, शहापूरला वडापाव झाला आणि भिवंडीच्या अलीकडे ट्रॅफिकमध्ये अडकलो. तिकडे कोलकात्यात सामना सुरू झालेला. एका मोबाइलभोवती सगळी डोकी, मधेमधे रेंज जाणार, चित्र थांबणार. चित्र परत सुरू झालं की ब्रूस्टर हात पसरून पळताना दिसायचा. ड्रायव्हरसुद्धा विचारायला लागला, "परत त्यानेच मारला का?" नेरूळला पोहोचेपर्यंत गाडीतल्या सगळ्या पोरांचा तो दोस्त झाला होता. आमच्या डोळ्यांसमोर स्पेनने मालीला ३-१ असं हरवलं. पण परतीच्या वाटेवर इगतपुरीला चहा प्यायला थांबलो तेव्हाही बोलणं ब्रूस्टरचंच होतं.

अंतिम सामना २८ तारखेला, कोलकात्यातच. इंग्लंड दोन गोलांनी मागे होतं. मध्यंतराच्या अगदी तोंडावर ब्रूस्टरने डोक्याने गोल मारला आणि तिथून सामना फिरला. इंग्लंड ५-२ जिंकलं. स्पर्धेत आठ गोल, सर्वाधिक गोलांचा गोल्डन बूट त्याला. सर्वोत्तम खेळाडूचा मान त्याच संघातल्या फिल फोडनला. त्या संघात जेडन सांचोही होता, पण त्याच्या जर्मनीतल्या डॉर्टमंड क्लबने त्याला साखळी सामन्यांनंतर परत बोलावून घेतलं होतं.

फोडन पुढे मँचेस्टर सिटीकडून किती विजेतेपदं जिंकला ते सगळ्यांना माहीत आहे. भाच्याची तुलना इथूनच सुरू होते. एकाच संघातली, एकाच वयाची पोरं. एक कुठे, दुसरा कुठे.

आता मी बाकीचं सांगते.

विश्वचषक झाल्यावर काही आठवड्यांतच, डिसेंबरमध्ये, ब्रूस्टरने एका इंग्रजी वर्तमानपत्राला मुलाखत दिली. मैदानावर आपल्याला आणि आपल्या सोबत्यांना वर्णावरून काय काय ऐकावं लागलं, हे त्याने एकेक प्रसंग सांगून मांडलं. वय सतरा. मोठा क्लब, मोठं नाव, गप्प बसण्यात सगळी सोय, आणि हा मुलगा बोलला. त्याच्या गोलांबद्दल बोलणारे पुष्कळ भेटतात, या मुलाखतीबद्दल बोलणारं फारसं कुणी भेटत नाही. माझ्या मनात त्याची किंमत या एका गोष्टीने कायमची ठरली.

आणि मग जानेवारी २०१८. ब्रूस्टरच्या क्लबचा, लिव्हरपूलचा, तेवीस वर्षांखालील संघ मँचेस्टर सिटीशी खेळत होता. उडी मारून खाली येताना पाय वेडावाकडा पडला. घोटा गेला, गुडघ्यालाही इजा झाली, शस्त्रक्रिया झाली. वर्षाहून जास्त काळ तो मैदानाबाहेर होता.

इथे मला थोडं माझ्या कामाचं बोलू द्या. घोटा म्हणजे आपल्याकडे "मुरगळलाय, होईल बरा". क्रेप बँडेज बांधायचं, हळदीचा लेप लावायचा, आठ दिवसांत पोरगं परत पळायला मोकळं. पण घोट्याच्या लिगामेंटमध्ये, म्हणजे हाडाला हाड बांधणाऱ्या पट्ट्यात, नुसती ताकद नसते. पाय जमिनीवर कुठे आहे, किती कललाय, हे मेंदूला कळवणाऱ्या नसांची टोकंही तिथेच असतात. लिगामेंट फाटलं की ही खबर थांबते. जखम भरते, सूज उतरते, एक्स-रे स्वच्छ येतो, पण शरीराला त्या पायाचा भरवसा राहत नाही. तो भरवसा एका पायावर उभं राहून, डोळे मिटून, उशीवर तोल सांभाळून, उड्या मारून महिनोन्‌महिने परत शिकवावा लागतो. स्ट्रायकरचं सगळं काम तर याच भरवशावर चालतं. बचावपटूच्या आधी अर्धं पाऊल टाकायचं, तेही विचार न करता. विचार करायला लागला की ते अर्धं पाऊल गेलं.

आणि गेला तो काळ कोणता, तर सतरा ते एकोणीस. मुलांच्या फुटबॉलमधून मोठ्यांच्या फुटबॉलमध्ये जायचं वय. समोर तीस वर्षांचे, वीस-वीस किलो जास्त ताकदीने धक्का देणारे बचावपटू येतात. त्यांच्याविरुद्ध कसं उभं राहायचं हे व्यायामशाळेत कळत नाही, सामन्यात कळतं. फोडन त्या काळात सिटीच्या मोठ्या संघात थोडा थोडा खेळत होता. सांचो जर्मनीत नियमित खेळत होता. ब्रूस्टर पलंगावर पाय उंच ठेवून बसला होता.

तरी तो परत आला, हे लोक का विसरतात? २०१९ च्या जूनमध्ये माद्रिदला लिव्हरपूलने चॅम्पियन्स लीग, म्हणजे युरोपातल्या क्लबांची सर्वांत मोठी स्पर्धा, जिंकली तेव्हा तो राखीव खेळाडूंत होता, वय एकोणीस. २०२० च्या जानेवारीत स्वॉन्सी क्लबला उसना गेला आणि अर्ध्या हंगामात ११ गोल मारले. इंग्लंडच्या दुसऱ्या फळीतले ते सामने म्हणजे अंगाला अंग घासून खेळायचं फुटबॉल, तिथे हे गोल सोपे नसतात. त्या महिन्यांत भाचा रोज मला फोन करायचा, "मावशी, आला बघ आपला माणूस."

त्याच ऑगस्टमध्ये वेम्बलीवर कम्युनिटी शील्डच्या सामन्यात शेवटच्या क्षणी त्याला खास निकालाच्या पेनल्टींसाठी उतरवलं. त्याचा फटका आडव्या खांबावर आदळला आणि लिव्हरपूल हरलं. ऑक्टोबरमध्ये त्याला शेफील्ड युनायटेडला विकलं, किंमत २ कोटी ३५ लाख पौंड. त्या क्लबने तोवर कुणासाठीही एवढे पैसे मोजले नव्हते. लिव्हरपूलकडून प्रीमियर लीगचा, म्हणजे इंग्लंडच्या पहिल्या फळीतला, एकही सामना न खेळलेला वीस वर्षांचा मुलगा, आणि हा आकडा. कोरोनामुळे स्टेडियम रिकामी, संघ पहिल्या आठवड्यांपासून हरणारा. त्या हंगामात प्रीमियर लीगमध्ये तो २७ सामन्यांत उतरला, गोल एकही नाही. संघ शेवटच्या क्रमांकावर राहून दुसऱ्या फळीत ढकलला गेला. "फुकट गेला" ही म्हणायची पद्धत तिथून सुरू झाली.

पुढे २०२२ च्या जानेवारीत मांडीच्या मागचा स्नायू, हॅमस्ट्रिंग, असा फाटला की शस्त्रक्रिया करावी लागली आणि हंगाम संपला. पुढच्या हंगामातही तेच दुखणं. हा स्नायू सर्वांत जास्त ताण कधी सोसतो माहितीये? जोरात पळताना पाय पुढे फेकला जातो आणि जमिनीला टेकण्याआधी त्याला आवर घालावा लागतो, तेव्हा. स्नायू ताणला जात असतो आणि त्याच वेळी जोरही लावत असतो. एकदा फाटलेला हॅमस्ट्रिंग परत फाटण्याची शक्यता नेहमीपेक्षा कितीतरी जास्त, हे आमच्या शास्त्रात अगदी पक्कं ठाऊक असलेलं आहे. म्हणजे ज्या वेगावर त्याचं पोट होतं, त्या वेगाचीच भीती.

सगळा दोष दुखापतींचा, असं मी म्हणत नाही. त्याला मोठ्यांच्या फुटबॉलमध्ये गोलकडे पाठ करून चेंडू धरून ठेवणं कधी फारसं जमलं नाही, हे मलाही दिसतं. सोळा-सतराच्या स्पर्धेत शरीर लवकर भरलेल्या मुलांना फायदा असतो, हेही खरं. विश्वचषकाच्या संघातल्या जोडीदारांनी पुरवले तसे पास त्याला शेफील्डमध्ये मिळाले नाहीत, तेही आहेच. पण यातलं काहीही त्या मुलाचा आळस नाही, माज नाही, उधळेपणा नाही. आपल्याला मात्र कुणी मागे पडलं की त्याच्या स्वभावात खोट शोधायची घाई असते.

ही घाई मी क्लिनिकमध्ये रोज बघते, म्हणून जीव तुटतो. सातपूरहून एक मुलगा यायचा, दहावीतला. उत्तम खेळायचा, जिल्ह्याच्या निवडीत नाव आलेलं. घोटा दुसऱ्यांदा गेला होता. वडील अंबडला कंपनीत कामाला, शिफ्ट संपवून त्याला गाडीवर मागे बसवून आणायचे. प्रश्न ठरलेला, "मॅडम, निवड चाचणीपर्यंत होईल ना तयार?" मी म्हटलं, "भाऊ, चाचणी पुढच्या वर्षीही आहे. हा पाय त्याला पन्नास वर्षं वापरायचाय." ते गप्प बसले. मुलगा मात्र माझ्याकडे बघून रडायला लागला. त्याच्या वर्गातली पोरं त्याला "संपला" म्हणत होती. पंधराव्या वर्षी संपला! चाचणी हुकली. पण व्यायाम त्याने एक दिवस चुकवला नाही, आणि तो आज परत खेळतो. मधल्या फळीत. पूर्वीइतका वेगवान नाही, पण पास देण्याआधी मान वळवून बघायला शिकलाय.

आपल्याच जिल्ह्यातल्या चांदवड तालुक्यातल्या तळेगाव रोहीचा दत्तू भोकनळ घ्या. विहिरी खोदायच्या कामावर जाणारा मुलगा. सैन्यात भरती झाल्यावर पहिल्यांदा वल्हं हातात धरलं, म्हणजे विशीत. २०१६ ला रिओ ऑलिंपिकमध्ये तेरावा आला आणि २०१८ च्या आशियाई स्पर्धेत सांघिक सुवर्णपदक जिंकला. सतराव्या वर्षी त्याचं नाव गावाबाहेर कुणाला माहीत नव्हतं. वल्हवण्यात हे शक्य आहे, फुटबॉलमध्ये सुरुवात एवढी उशिरा चालत नाही, हे कबूल. पण सतराव्या वर्षी माणूस जोखून मोकळं व्हायची घाई फुटबॉलमध्येही चालत नाही.

ब्रूस्टरने २०२५ मध्ये शेफील्ड सोडलं आणि डर्बी काउंटीकडे गेला. जन्म १ एप्रिल २०००चा, म्हणजे तिशीलाही अवकाश आहे. मी त्याच्या गोलांपेक्षा सलग किती सामने खेळला ते बघते. भाच्यालाही तेच बघायला लावलंय, आणि वाद निदान आवाज न चढवता व्हायला लागलाय.

आता कामाचं. मुलं खेळतात त्या बहुतेक मैदानांवर आपल्याकडे मुरूम आहे, कडक आणि खड्ड्यांचा. नोव्हेंबरनंतर सकाळी सहाला गोठवणारी थंडी, आणि पोरं आल्या आल्या थेट सामना सुरू करतात. फिफाने हौशी खेळाडूंसाठी "११ प्लस" नावाचा वीस मिनिटांचा वॉर्मअप तयार करून घेतलाय. आधी हळू पळणं, मग ताकद, तोल आणि उड्या, शेवटी वेगात पळणं. त्याला खास साहित्य काही लागत नाही. त्यातला एक व्यायाम म्हणजे गुडघ्यांवर बसायचं, जोडीदाराने मागून घोटे धरायचे आणि पाठ सरळ ठेवून सावकाश पुढे झुकायचं. एवढ्या एका व्यायामाने हॅमस्ट्रिंगच्या दुखापती बऱ्याच कमी होतात, हे अभ्यासांतून वारंवार दिसलंय. चौदा वर्षांवरची कोणतीही मुलं-मुली हे करू शकतात.

क्लिनिकजवळच्या मैदानावर रविवारी सकाळी साडेसहाला मी हेच शिकवते. फी नाही. कोच, शाळेतले क्रीडाशिक्षक आले तर फारच बरं, म्हणजे ते पुढे रोज घेऊ शकतील. ज्यांच्या मुलांना आधी घोट्याची किंवा गुडघ्याची दुखापत झालीये, त्यांनी जुने रिपोर्ट सोबत द्यावेत आणि मुलाला पहिले दोन रविवार चेंडूशिवाय पाठवावं.