नरक चतुर्दशीला आलेला फोन

३१ ऑक्टोबर २०२४, नरक चतुर्दशी. अभ्यंगस्नान उरकून फराळाला बसले होते, तेवढ्यात दारात मावशी. त्यांच्या मोबाईलवर दुबईहून आलेला मेसेज होता : "अम्मा, मॅडमला विचार, आत जाऊ का?"

सोलापुरात पंधरा वर्षं वकिली करतेय. भाडेकरू, पोटगी, चेक बाऊन्स. दुबईच्या कायद्यातलं मला काही कळत नाही, हे मावशींना सोमवारीच सांगून झालं होतं. पण त्यांच्या ओळखीत वकील एकच.

मावशी विड्या वळतात. मुलगा टुरिस्ट व्हिसावर गेला. "तिकडे पोचल्यावर कामाचा व्हिसा करू," म्हणत एजंटने पासपोर्ट ठेवून घेतला आणि मग फोन उचलेना. व्हिसा संपून दोन वर्षं झाली होती. दंड दिवसाला ५० दिरहम. मी कागदावर गुणाकार केला : साडेछत्तीस हजार दिरहम, आपले आठ लाखांच्या वर. मावशींनी तो कागद उचलून पालथा ठेवला.

व्हिसा संपूनही राहिलेल्यांना यूएई सरकारने १ सप्टेंबरपासून माफी जाहीर केली होती. दंड माफ, पुन्हा यायला बंदी नाही, आणि काम मिळत असेल तर कागद नीट करून तिथेच राहायचीही मुभा. मुदत ३१ ऑक्टोबर. पोराला हे दोन महिने माहीत होतं! पण खोलीतले म्हणत होते, हा सापळा आहे. दुसरा एक एजंट आऊटपासचे, म्हणजे देश सोडायच्या कागदाचे, तीन हजार दिरहम मागत होता, आणि पोराचा भरवसा त्याच्यावरच जास्त. फुकट मिळणाऱ्या गोष्टीवर कुणाचा विश्वास बसत नाही, हे कोर्टाच्या आवारात मी रोज बघते.

पासपोर्ट नाही म्हटल्यावर भारतीय वकिलातीचं इमर्जन्सी सर्टिफिकेट, म्हणजे पासपोर्टऐवजी मायदेशी परतायचा कागद, लागणार होतं. जुन्या पासपोर्टचा काही पुरावा? मावशींनी रेशनकार्डाच्या प्लास्टिक पिशवीतून एक झेरॉक्स काढली. तेंदूपत्त्याने काळपट पडलेल्या बोटांनी तिची घडी माझ्या टेबलावर सपाट केली. नंबर नेमका घडीवर आला होता, शेवटचे दोन आकडे उजेडात धरून वाचले. फोटो पाठवला. बुधवारी संध्याकाळी सर्टिफिकेट पोराच्या हातात पडलं.

आणि गुरुवारी, शेवटच्या दिवशी, तो दुबईतल्या अल अवीरच्या माफी केंद्राबाहेर थबकला. व्हॉट्सॲपवरून तिकडे कॉल लागत नाही, म्हणून बोटिम या कॉलिंग ॲपवरून बोललो.

"मॅडम, आत ठसे घेतायत. पोलीस पण आहेत. ठसे घेतले की केस करणार म्हणतायत पोरं."

नियमावलीचा प्रिंट काढून ठेवला होता. ज्यांचे ठसे नोंदलेले नाहीत त्यांनी ते केंद्रात द्यायचे, ही ओळ त्याला दोनदा वाचून दाखवली.

"म्हणजे अटक नाही ना?"

वकिलाने हमी द्यायची नसते. "यात तसं लिहिलेलं नाही," एवढंच म्हणाले. माझं मलाच ते पुळचट वाटलं. मावशींनी फोन काढून घेतला आणि दोन शब्द बोलल्या : "लोपलिकी पो." आत जा. सोलापुरात राहून एवढं तेलुगू कळतंच.

फोन बंद. बाहेर फटाके. मावशी चकलीला हात लावेनात. तीन तासांनी कागदाचा फोटो आला. दंड शून्य.

त्याच दिवशी बातमी आली, मुदत ३१ डिसेंबरपर्यंत वाढवली. मी चिडलेच. मग वाटलं, सकाळी हे कळलं असतं तर पोरगा गेटवरूनच फिरला असता, आणि डिसेंबरातही असाच फिरला असता.

दिवाळीनंतर तो सिद्धेश्वर एक्सप्रेसने सोलापूरला उतरला. दुसऱ्या दिवशी मावशी डबाभर लाडू घेऊन आल्या. फीचं विचारलं, मी नको म्हणाले. उठताना म्हणाल्या, "मॅडम, ती झेरॉक्स तेवढी परत द्या. ठेवून देते."