कादंबरीतल्या धर्मासाठी पैठण आणि माहूर

कादंबरीसाठी मी एक धर्म रचतोय. कोरडवाहू मुलखातली माणसं, मेलेल्यांचा मुक्काम विहिरीत, तिन्हीसांजेनंतर पोहरा सोडायचा नाही आणि सोडलाच तर आधी आपलं नाव सांगायचं. दैवतं ठरली, पुजाऱ्यांची उतरंड ठरली, सणांचं पंचांगही झालं. वाचून बघितलं तर सगळं कागदी. म्हणून एखादा जुना, जिवंत पंथ जवळून बघायचं ठरवलं. मराठवाड्यात राहणाऱ्याला त्यासाठी लांब जावं लागत नाही, महानुभाव पंथ इथेच आहे. असाच काही उद्योग करणाऱ्यांना किंवा नुसतं बघायला जाणाऱ्यांना उपयोग व्हावा म्हणून हे लिहितोय.

आधी पैठण. छत्रपती संभाजीनगरहून साधारण पन्नास किलोमीटर, मध्यवर्ती बसस्थानकावरून एसटी मिळते. लोक येतात ते नाथांची समाधी, गावातला नाथांचा वाडा, पैठणीचे माग आणि जायकवाडीचं धरण बघायला. तेही बघा. पण एकनाथांच्या तीनेकशे वर्षं आधी, तेराव्या शतकात, याच गावात महानुभाव पंथाचे संस्थापक चक्रधरस्वामी राहिले होते. जन्म गुजरातेत, भडोचला, प्रधानाच्या घरी. पंथाची श्रद्धा अशी, की प्रधानपुत्र हरिपाळदेव वारला आणि त्याच वेळी द्वारावतीच्या चांगदेव राऊळांनी देह ठेवून त्या शरीरात प्रवेश केला. चितेवरून उठलेला हा राजबिंडा पुढे जुगार खेळतो, घर सोडतो, रिद्धपूरला आपल्या गुरूंना, गोविंदप्रभूंना भेटतो आणि मराठी मुलूख पायी पालथा घालतो. कादंबरीत असा नायक लिहिला असता तर संपादकाने 'जरा आवरा' म्हटलं असतं.

पैठणात मोठं देऊळ शोधत फिरू नका. महानुभावांचं 'स्थान' म्हणजे स्वामी जिथे बसले, राहिले, निजले ती जागा. तिथे बहुधा एक ओटा असतो. भक्त ओट्यावर कपाळ टेकतात. स्वामींचा स्पर्श झालेल्या वस्तू, त्या जागांचे दगड हे 'प्रसाद', 'विशेष' म्हणून वंदनाला ठेवतात. कुठे आसन (बसणं), कुठे वसती (रात्रीचा मुक्काम), कुठे अवस्थान (लांबलेला मुक्काम) याच्या नोंदी करणारी 'स्थानपोथी' पंथाने जुन्या काळातच लिहून ठेवली. देऊळ कोणत्या तोंडाचं, ओटा कोणत्या बाजूला, इथपर्यंत तपशील. माझ्या विहिरीवाल्यांकडे पुराणं ढीगभर होती, पण 'इथे, या दगडावर' असं बोट ठेवून दाखवता येईल अशी जागा एकही नव्हती. त्या रात्री लॉजवर बसून वहीतली दोन पुराणं काट मारून टाकली.

ग्रंथांची हकीकत त्याहून नाट्यमय. स्वामी गेल्यावर त्यांचे शिष्य म्हाइंभट यांनी स्वामींना पाहिलेल्या माणसांना गाठून एकेक आठवण गोळा केली, त्यातून 'लीळाचरित्र' झालं. परंपरा सांगते की पुढे परचक्राच्या धामधुमीत मूळ पोथी हरवली आणि हिराइसा या शिष्येला ती तोंडपाठ होती म्हणून पुन्हा उभी राहिली. नंतर पंथाने पोथ्या सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांत लिहिल्या. बाहेरच्यांना त्या शेकडो वर्षं वाचताच आल्या नाहीत. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इतिहासकार वि. का. राजवाड्यांनी लिपी उलगडली तेव्हा मराठीतलं एवढं जुनं गद्य अभ्यासकांपुढे आलं.

पैठणहून माहूर लांब आहे, थेट जायचा हट्ट धरू नका. नांदेडला मुक्काम करा. तिथून माहूर साधारण एकशे तीस किलोमीटर, एसटी आहे. आदिलाबादकडे जाणाऱ्या रेल्वेने किनवटला उतरून पुढे बसनेही जाता येतं, पण वेळ जुळणं नशिबावर. नवरात्र आणि दत्तजयंती या दिवसांत खोली मिळणं कठीण. पावसाळ्याच्या शेवटी डोंगर हिरवागार असतो. एप्रिल-मेमध्ये जाल तर पायऱ्या सकाळीच उरका.

आता माहूरची गंमत. वर गडावर रेणुकामाता, साडेतीन शक्तिपीठांपैकी एक. प्रसाद म्हणून कुटलेला तांबूल मिळतो, चुकवू नका. पलीकडे दत्तशिखर, अनसूयाशिखर. आणि खाली देवदेवेश्वर, महानुभावांचं. 'माहुरी निद्रा' असं दत्ताविषयी म्हणतात, ते निद्रास्थान हेच असं पंथ मानतो. वरचा दत्त ब्रह्मा-विष्णू-महेशाचा एकत्र अवतार. खालचा दत्तात्रेयप्रभू एकमुखी, पंचकृष्णांपैकी, म्हणजे पंथ मानतो त्या परमेश्वराच्या पाच अवतारांपैकी एक: श्रीकृष्ण, दत्तात्रेय, चांगदेव राऊळ, गोविंदप्रभू, चक्रधर. एकाच गावात एकाच नावाचे दोन देव, आणि कोणी कोणाला जा म्हणत नाही.

तत्त्वज्ञान तर फारच धारदार. जीव, देवता, प्रपंच, परमेश्वर हे चार पदार्थ नित्य आणि एकमेकांपासून वेगळे. देवता एक्याऐंशी कोटी सव्वा लक्ष दहा! एवढी बारीक मोजदाद करून सांगायचं काय, तर यांच्यापैकी कोणीही मोक्ष देऊ शकत नाही, तो फक्त परमेश्वर देतो. हे ऐकून मी गडावरून खाली आलो तेव्हा शेअर जीपमध्ये शेजारी बसलेल्या आजी म्हणाल्या, "रेणुकामायची ओटी भरली, आता खाली दंडवत घालते. माहेर तिकडचं, सासर इकडचं. दोन्हीकडं जावं लागतं, भाऊ." माझ्या धर्मात नेमकं हेच नव्हतं. सगळ्या मुलखाचा एकच विश्वास, नाकारणारं कोणी नाही, दोन्हीकडे जाणारी सून नाही.

एका आश्रमात तपस्विनींशी बोलणं झालं. मी विहिरीचा धर्म सांगितला. त्यांनी ऐकून घेतलं आणि विचारलं, "तुमच्या बायांना पाळीत विहिरीवर येऊ देता का?" मी गप्प. मग त्यांनी लीळाचरित्रातली गोष्ट सांगितली. शरीराच्या बाकी द्वारांतून मळ वाहतो तसंच हेही एक, त्याचा विटाळ कसला, असं स्वामींनी शिष्येला समजावलं होतं. तेराव्या शतकात. त्यानंतर पुजाऱ्यांचं प्रकरण मला पहिल्यापासून लिहावं लागलं, अजून जमलेलं नाही.

जाणाऱ्यांसाठी थोडं. आश्रमात शिरताना नमस्काराऐवजी 'दंडवत प्रणाम' म्हणा, महंतांना 'बाबा'. काळी वस्त्रं ही साधू-साध्वींची जुनी ओळख आहे, टक लावून बघू नका. दारू आणि मांसाहार पंथाला वर्ज्य, तेव्हा आश्रमात उतरणार असाल तर ते पथ्य पाळा. ओट्यावर बसू नका, पिशवी टेकवू नका, थकलेला माणूस नेमकं तेच करतो. फोटो विचारून. पोथी दाखवा म्हणून मागे लागू नका, दाखवली तर हात न लावता बघा. सकाळ-संध्याकाळच्या पूजेच्या वेळी गेलात तर विडा अवसर, म्हणजे विडा अर्पण करायचा विधी, बघायला मिळेल, बोलायला मात्र दुपार बरी. माहूरहून परतीची शेवटची गाडी किती वाजता ते उतरल्याबरोबर कंट्रोलरला विचारून ठेवा, फलकावर विसंबू नका.