माईक बंद राहिला

रात्री पावणेबाराला फुटेज बघायला बसलो आणि कळलं की रविवारचं २४ मिनिटांचं शूट पूर्ण मुकं आहे. कॉलर माईकचं बटणच दाबलं नव्हतं, मी, दुसरं कोण. चार महिने झाले बाबांवर डॉक्युमेंटरी करतोय आणि ही अक्कल.

तसा बाबांचा आवाज हाच मुळात प्रॉब्लेम. माईक लावला की लेव्हल लगेच लाल. ते कापड गिरणीच्या साचेखात्यात होते, म्हणजे जिथे माग चालतात तिथे, परळला, १९७६ पासून. सगळे साचे एकदम धडधडायचे, कानाशी ओरडलं तरी कळायचं नाही, मग लोक ओठांवर नाहीतर हातवाऱ्यांवर बोलायचे, आणि बाहेर पडल्यावर ज्याचा आवाज चढला तो चढलेलाच. आमच्या घरात सगळेच ओरडून बोलतो. कॉलेजचे मित्र घरी आले की मला लाज वाटायची, त्यांना वाटायचं भांडण लागलंय, इथे विषय कोथिंबिरीचा.

फिल्मची गोष्ट तर मला पाठच होती. १८ जानेवारी १९८२ला सुरू झालेला गिरणी संप, पुढारी डॉक्टर दत्ता सामंत, अडीच लाख कामगार, आणि शेवटपर्यंत न वाकलेलं आमचं घर. बाबा गावाला गेले, चिपळूणकडे, लोकांच्या शेतात भात लावला पण गिरणीची पायरी चढले नाहीत. अजूनही कोणी संप फसला म्हटलं की बाबा उसळतात, संप कधी मागे घेतलाय का ते दाखव आधी! (ते खरंच आहे, तसं जाहीर कधी झालंच नाही.)

तर मुकं फुटेज. बाबा रंगात येऊन बोलतायत, मागे दारात आई, हातात लसणाचं ताट. मध्येच तिचे ओठ हलतात, बाबा वाक्य अर्ध्यात सोडून पाणी मागतात. चार वेळा मागे नेऊन बघितलं, काही कळेना. तेवढ्यात बाबा बाथरूमला उठले, त्यांना म्हटलं, आई काय म्हणाली हो इथे? चष्मा लावला, एकदाच बघितलं.

"आत गेलेलं सांगू नका म्हणतेय."

कुठे आत?

"गिरणीत. दिवाळीनंतर. दहा-बारा पाळ्या भरल्या असतील. ताई पोटात होती तुझी."

आणि हे ते इतकं हळू बोलले की मला पुढे वाकावं लागलं. आईला ओठांवर बोलता येतं हेही मला आज कळतंय. कधी शिकली विचारलं तर हसले, दहा बाय बाराची खोली, नऊ माणसं, नवराबायकोने बोलायचं कसं मग?

हे फिल्ममध्ये ठेवू का विचारलं.

"आईला विचार," म्हणाले आणि जाऊन झोपले.

माईक चार्जिंगला लावलाय. आई सहाला उठते.