ऑगस्टचं रजिस्ट्रेशन

"अहो सर, माझं रजिस्ट्रेशन ऑगस्ट २००९चं आहे. जुलैचं कुठून आणू?"

गंगापूर रोडवरच्या झेरॉक्सच्या दुकानात एक मॅडम फोनवर बोलत होत्या. हातात फुगलेली फाइल. फोन ठेवल्यावर माझ्याकडे बघून कसनुसं हसल्या. पीएचडी झालेली, पण असिस्टंट प्रोफेसर व्हायला लागणारी नेट-सेट ही पात्रता परीक्षा नाही, तासिका तत्त्वावर, म्हणजे तासागणिक मानधनावर शिकवतात.

भानगड अशी. ११ जुलै २००९च्या आधी पीएचडीला नोंदणी असेल, तर काही अटींवर नेट-सेटमधून सूट. नंतरची असेल, तर पीएचडी २००९च्या नियमांप्रमाणे हवी, म्हणजे प्रवेश परीक्षा, कोर्सवर्क (पीएचडीसाठीचा ठरावीक अभ्यासक्रम) वगैरे.

"आमच्या विद्यापीठात तेव्हा कोर्सवर्क सुरूच झालं नव्हतं," मॅडम म्हणाल्या. "जे नव्हतंच, त्याचं सर्टिफिकेट मागतायत."

हे वाक्य डोक्यातून जाईना.

नियम हवेतच, त्याबद्दल वाद नाही. २०१५मध्ये सुप्रीम कोर्टानेही नेटची अट योग्य ठरवली. पुढच्याच वर्षी यूजीसीने (विद्यापीठ अनुदान आयोगाने) जुन्या नोंदणीवाल्यांना सूट दिली. मग असिस्टंट प्रोफेसरसाठी विद्यापीठांत पीएचडी सक्तीची होणार म्हणून लोक धावले, तर जुलै २०२३पासून ती ऐच्छिक आणि नेट-सेट किमान पात्रता! अशा वेळी लोक कोर्टात जाणार नाहीत तर काय करतील?

पण वकिलाची फी तासिकेच्या मानधनातून कशी द्यायची? आणि कोर्टाचा निकाल लागेपर्यंत ती प्राध्यापकाची जागा रिकामी राहणार आहे का?

तुमच्या ओळखीत असं कोणी अडकलंय का?