शेक्सपिअर बसवताना

शाळेच्या सुवर्णमहोत्सवी स्मरणिकेत माजी विद्यार्थ्याने काय लिहावे, तर जे शाळेने दिले त्याविषयी. आपल्या स्नेहसंमेलनात इंग्रजी प्रवेशाला जागा असते आणि तिथे बहुधा ‘मर्चंट ऑफ व्हेनिस’मधला न्यायालयाचा प्रवेश किंवा ‘ज्युलिअस सीझर’मधली अँटनीची सभा येते. निवड उत्तम आहे. मात्र हे प्रवेश पाठांतर स्पर्धेसारखे म्हटले की पडतात, आणि का पडतात ते शेक्सपिअरच्या कामाच्या पद्धतीतच सापडते.

26 एप्रिल 1564 रोजी स्ट्रॅटफर्डला बाप्तिस्मा झालेला हा हातमोजे बनवणाऱ्याचा मुलगा आधी नाटक कंपनीचा माणूस होता. 1594पासून तो लॉर्ड चेंबरलेनच्या कंपनीत नट, लेखक आणि भागीदार होता. 1599मध्ये उभ्या राहिलेल्या ग्लोब नाट्यगृहातही त्याचा वाटा होता. आजच्या अर्थाने दिग्दर्शक तेव्हा नव्हता. नटाला संपूर्ण नाटक मिळत नसे. आपल्या जुन्या नाटक मंडळ्यांत नकला उतरवून देत, तसाच प्रकार होता: स्वतःची वाक्ये, आणि त्याआधी समोरच्याच्या वाक्याचे शेवटचे दोन-चार शब्द. म्हणून नटाला लागणाऱ्या सूचना शेक्सपिअरला संवादातच पेराव्या लागत.

‘हॅम्लेट’ची सुरुवात पाहा. “हूज देअर?” हा प्रश्न पहाऱ्यावरच्या फ्रान्सिस्कोने विचारायला हवा. विचारतो तो पहारा बदलायला आलेला बर्नार्डो. उलट्या बाजूने आलेल्या त्या एका प्रश्नात किल्ल्यावरची सगळी भीती आहे. प्रयोग दुपारी, उघड्या छताखाली होत. रात्र दिव्यांनी नव्हे, वाक्यांनी करावी लागे. आपल्याकडे मुले हे वाक्य नाव पुकारल्यासारखे म्हणतात आणि रात्र होतच नाही.

आता ‘मर्चंट’च्या न्यायालयातले पोर्शियाचे भाषण. वकिलाच्या वेशात आलेली पोर्शिया सावकार शायलॉकला दया दाखवायला सांगते आहे. दयेवरचा निबंध म्हणून ते सुरू केले की चुकले. क्षणभर आधी शायलॉकने विचारलेले असते, “ऑन व्हॉट कम्पल्शन मस्ट आय?”, म्हणजे कुठल्या सक्तीने? “द क्वालिटी ऑफ मर्सी इज नॉट स्ट्रेन्ड”, म्हणजे दया सक्तीने येत नाही, हे त्या प्रश्नाला ताबडतोब दिलेले उत्तर आहे. पोर्शियाने मध्ये श्वास घेऊ नये आणि प्रेक्षकांकडे वळू नये, शायलॉककडेच पाहावे. या ओळीत दहा अक्षरे आहेत, एक हलके आणि एक जड अशा पाच जोड्या. त्या टाळीवर ठोकल्या की ‘क्वालिटी’तल्या शेवटच्या अक्षरावर आणि ‘इज’वर नको तेवढा जोर येतो, खरा जोर ‘क्वा’, ‘मर्’ आणि ‘स्ट्रेन्ड’वरच हवा. पुढची ओळ ‘हेवन’वर संपते, वाक्य मात्र संपत नाही: पाऊस आकाशातून पडतो तो खालच्या जागेवर, आणि ती जागा पुढच्या ओळीत आहे. मुले ‘हेवन’वर थांबतात. तिथे आवाज किंचित वर ठेवून थेट पुढे जावे.

‘मॅक्बेथ’मध्ये खून करून आलेला मॅक्बेथ आणि त्याची बायको एकच ओळ वाटून घेतात: “डिड नॉट यू स्पीक?” “व्हेन?” “नाउ.” “ॲज आय डिसेंडेड?” चारही तुकडे मिळून एकच ओळ होते. मध्ये अभिनयासाठी थांबलात तर ती तुटते. घाबरलेली माणसे एकमेकांच्या शब्दांवर शब्द टाकतात, आणि थरार त्या घाईतच आहे.

‘सीझर’मध्ये छापील पान नीट पाहावे. सीझरच्या खुनानंतर मारेकऱ्यांपैकी ब्रूटस आणि सीझरचा मित्र अँटनी लोकांसमोर बोलतात. ब्रूटसची सभा गद्यात आहे, तोलून-मापून रचलेली वाक्ये, अँटनीची पद्यात. दोघांनी एकाच चढ्या आवाजात भाषण केले तर जमाव का फिरला ते कळतच नाही. अँटनीने ब्रूटसबद्दलचा ‘ऑनरेबल’ हा शब्द पहिल्यांदा अगदी प्रामाणिकपणे उच्चारावा. पहिल्याच वेळी उपहास आला की पुढच्या पायऱ्या चढायला जागा राहत नाही.

ही दोन्ही नाटके आपल्यापर्यंत पोचली हेच भाग्य. ‘सीझर’ आणि ‘मॅक्बेथ’ त्याच्या हयातीत छापलीच गेली नव्हती. 1616मध्ये तो वारला. जॉन हेमिंग्ज आणि हेन्री कॉन्डेल या सहकारी नटांनी 1623मध्ये छत्तीस नाटकांचा संग्रह काढला. त्यातली निम्मी नाटके तेव्हा पहिल्यांदा छापली गेली.

वेळेचा हिशेबही सांगून ठेवतो. तासाला साधारण हजार ओळी धरा. न्यायालयाचा प्रवेश साडेचारशेच्या आसपास आहे, म्हणजे पंधरा-वीस मिनिटांसाठी कापावा लागणारच. शायलॉक गेल्यानंतरचा अंगठीचा भाग बिनधास्त काढा. पण सक्तीचा तो प्रश्न आणि शायलॉकने न्यायाधीश म्हणून पोर्शियाची केलेली स्तुती काढू नका. “अ डॅनियल कम टू जजमेंट!” असे तो आनंदाने ओरडतो (डॅनियल म्हणजे बायबलच्या परंपरेतला शहाणा न्यायाधीश), आणि निकाल फिरल्यावर विरुद्ध बाजूचा ग्रॅशियानो तेच शब्द त्याच्या तोंडावर फेकतो. आधीचे डॅनियल कापले, तर ग्रॅशियानोच्या “अ सेकंड डॅनियल”ला प्रेक्षागृहातून काहीच उत्तर येत नाही.