क्लिक करून बघ ना जरा

डोटा हा कॉम्प्युटरवर टीमने खेळायचा गेम, त्यात समोरच्याच्या हिरोवर नुसतं एक क्लिक केलं की त्याची सगळी कुंडली खाली उघडते. कुठली ॲबिलिटी किती लेव्हलला नेलीय, टॅलेंट कुठलं घेतलंय, माना, म्हणजे ॲबिलिटी टाकायची ताकद, किती उरलाय, खणांत काय काय सामान भरलंय, सगळं. फुकटात. कोणाला विचारायचं नाही, आणि त्याला बिचाऱ्याला कळत पण नाही की तुम्ही बघून गेलात. आणि तरी पब्लिक बघत नाही! आम्ही पाच जण रात्री जेवणं उरकून बसतो, अर्धा तास होतो, कोणीतरी मरतो आणि डिस्कॉर्डवर हमखास वाक्य येतं, "अरे ह्याच्याकडे ब्लिंक कधी आली?" ब्लिंक म्हणजे एका झटक्यात दुसरीकडे उडी मारायचा आयटम. कधी आली म्हणजे काय, दहा मिनिटं झाली येऊन, आख्ख्या मॅपवर नाचवत फिरतोय तो.

ज्यांनी हा प्रकार कधी बघितलाच नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. पाच विरुद्ध पाच, प्रत्येकाचा एक हिरो, निवडायला सव्वाशेच्या आसपास हिरो, प्रत्येकाच्या साधारण चार ॲबिलिटी आणि त्यातली एक मोठी, ती अल्टी. गोल्ड कमवायचं, आयटम घ्यायचे, समोरच्यांचा एन्शंट, म्हणजे त्यांची मुख्य इमारत, पाडायचा, संपलं. पण हे सव्वाशे हिरो, त्यांच्या ॲबिलिटी, दुकानात शंभरावर आयटम, आणि वर दर काही महिन्यांनी पॅच येऊन सगळं परत ढवळून ठेवतो. एवढं डोक्यात कोणाच्याच बसत नाही. वर्षानुवर्षं खेळणाऱ्यांच्या पण बसत नाही. म्हणून क्लिक करायचं.

मला तर खरं सांगायचं तर मारामारीपेक्षा हेच जास्त आवडतं. लग्नाच्या मांडवात आत्या-मावश्या कशा एका नजरेत कोणी काय घातलंय, खरं किती, मागच्या वेळचं कुठलं हे सगळं मोजून मोकळ्या होतात आणि वर तोंडाने "छान दिसतेयस हो" म्हणतात, तसं मी लेनमध्ये, म्हणजे मॅपवरच्या रस्त्यावर, उभा राहून समोरच्याचे खण वाचत असतो. कारण माणूस काय विकत घेतो त्यावरून तो कशाला घाबरलाय ते कळतं. सपोर्टवाल्याने, म्हणजे टीमला मदत करणाऱ्याने, घोस्ट सेप्टर घेतला म्हणजे आमच्या कॅरीने, म्हणजे मुख्य मारणाऱ्याने, त्याला जरा जास्तच बदडलाय, आता तो मार चुकवायला भूत होणार. कोणी अदृश्य करणारी शॅडो ब्लेड घेतली की समजायचं, एकतर हा पळपुटा आहे नाहीतर मागून येऊन खुपसणार आहे, दोन्हीवर औषध एकच, अदृश्य माणूस उघडा पाडणारी 80 गोल्डची डस्ट खिशात ठेवायची. आणि ती कोणीच ठेवत नाही हा वेगळा विषय.

सगळ्यात मजा अर्धवट आयटममध्ये असते. समजा समोरच्या कॅरीच्या खणात ओगर ॲक्स दिसली. आता ओगर ॲक्स बऱ्याच गोष्टींत लागते, त्यावरून काही बोलता येत नाही. मग दोन मिनिटांनी बघावं तर शेजारी मिथ्रिल हॅमर येऊन बसलाय. संपलं. ब्लॅक किंग बार येतेय, म्हणजे बीकेबी, एकदा दाबली की काही सेकंद आपले बहुतेक स्टन त्याच्यावर चालत नाहीत, आणि ती यायला आता फक्त रेसिपीचे, म्हणजे तुकडे जोडायच्या चिठ्ठीचे, पैसे जमायचे बाकी आहेत. म्हणजे जी काही फाईट घ्यायचीय ती आत्ता, ह्या दीड-दोन मिनिटांत, नंतर नाही. मी हे डिस्कॉर्डवर ओरडून सांगतो, "आत्ता जाऊ, बीकेबी यायच्या आत जाऊ," आणि आमचा मधल्या लेनचा मिडवाला म्हणतो एक मिनिट, ही वेव्ह घेतो, म्हणजे लेनमध्ये आलेले क्रीप, ते गेमचे छोटे शिपाई, मारून गोल्ड घेतो. घे बाबा.

पण हे क्लिक करून बघणं वाटतं तेवढं सरळ नाहीये. एक तर तुम्ही शत्रूच्या हिरोवर क्लिक केलं की सिलेक्ट तो झालेला असतो, तुमचा हिरो नाही, आणि त्याच क्षणी झाडीतून कोणी उडी मारली की तुम्ही जिवाच्या आकांताने क्यू डब्ल्यू ई आर सगळं बडवता आणि काहीच होत नाही, तुमचा हिरो शांतपणे उभा राहून मार खातो. म्हणून ज्यांना सवय आहे त्यांचा हात ठरलेला असतो, क्लिक, एक नजर, एफ वन, म्हणजे परत आपला हिरो. अर्ध्या सेकंदाचा खेळ. चांगल्या खेळाडूचं रेकॉर्डिंग बघा कधी, खालचं पॅनल सारखं बदलत असतं, ह्याचं, त्याचं, परत स्वतःचं, बघणाऱ्याला गरगरायला होतं. आणि गंमत म्हणजे तो फार्म पण, म्हणजे गोल्ड कमावणं पण, करत असतो मधे.

दुसरं, दिसतं ते शेवटचं पाहिलेलं. माणूस अंधारात असेल, म्हणजे आपल्या वॉर्डच्या, नजर ठेवायला मॅपवर रोवतो त्या खुंटीच्या, किंवा क्रीपच्या नजरेबाहेर, तर त्याचं जे सामान दिसतं ते तो शेवटचा दिसला होता तेव्हाचं. चार मिनिटांपूर्वीचं. ह्या चार मिनिटांत त्याने काय खरेदी केली ते देवाला ठाऊक. आणि मुरलेले लोक ह्याचाच फायदा उठवतात. ब्लिंक 2250 गोल्डला मिळते, पण तिची खरी किंमत पहिल्या उडीला असते, जेव्हा समोरच्या पाचांपैकी कोणालाच माहीत नसतं की ती आलीय. म्हणून आमचा टाईडहंटर हा हिरो खेळणारा जो आहे तो ब्लिंक घेतली की लेनमध्ये तोंडच दाखवत नाही, झाडीत दबा धरून बसतो, आम्ही इकडे चौघं मार खात असतो आणि तो म्हणतो थांबा रे, बघतील. मग एकदम मधोमध पडतो आणि त्याची अल्टी रॅव्हेज, पाचच्या पाच हवेत. तेव्हा मात्र सगळं माफ.

आणि कूलडाऊन, म्हणजे ॲबिलिटी परत तयार व्हायला लागणारा वेळ! समोरच्याची अल्टी किती लेव्हलची आहे ते दिसतं, पण ती आत्ता तयार आहे का नाही हे गेम दाखवत नाही. ते ज्याचं त्याने लक्षात ठेवायचं. रॅव्हेजसारख्या मोठ्या अल्टीला परत तयार व्हायला काही मिनिटं लागतात, त्या काही मिनिटांत तुम्ही राजे. म्हणून फाईट संपली की आमच्यातला एकजण टीम चॅटमध्ये टाईप करून ठेवतो, "टाईड अल्टी 23:10", "रोश 31:40". रोश म्हणजे रोशन, मॅपवर खड्ड्यात राहणारा मोठा राक्षस. बाकी गडी पेशाने अकाउंटंट, दिवसभर हेच करतो आणि रात्री परत हेच. पण त्याच्या त्या ओळींवर आम्ही किती मॅच काढल्यात. समोर रिफ्रेशर असेल तर मात्र हे सगळं गणित पाण्यात, कारण रिफ्रेशर दाबली की तीच अल्टी लगेच परत तयार. म्हणजे परत क्लिक करून बघणं आलंच, रिफ्रेशर आहे का म्हणून.

इन्व्होकर हा हिरो तर ह्या छंदाचा शिरोमणी. त्याच्याकडे तीन प्रकारचे गोळे, क्वास, वेक्स, एक्झॉर्ट, त्यांच्या मिश्रणातून दहा स्पेल, पण हातात एका वेळी दोनच. त्या दोन कुठल्या ते क्लिक केलं की दिसतं. म्हणजे अर्धमेल्या हिरोला घेऊन घरी पळताना इन्व्होकरवर क्लिक करून बघायचं, सनस्ट्राईक, म्हणजे लांबून वरून पडणारा मारा, धरून बसलाय का, बसला असेल तर सरळ रेषेत पळायचं नाही, मधेच थांबायचं, वाकडं जायचं. आणि चांगला इन्व्होकर असेल तर त्याला पण माहीत असतं की हे बघणार, तो दुसरंच काहीतरी दाखवत ठेवतो आणि ऐनवेळी बदलतो. दोन माणसं एकमेकांना एक शब्द न बोलता एवढं सगळं बोलतात, मला तर कौतुक वाटतं.

हॉस्टेलला आमची सुरुवात झाली ती जुन्या डोटापासून, वॉरक्राफ्ट थ्रीवरचा तो मॅप, लॅनवर. डोटा 2 अधिकृतपणे 2013 ला आला, त्याच्या आधीची ही गोष्ट. तेव्हा चॅटमध्ये डॅश एमए टाईप केलं की समोर कोण कोणता हिरो घेऊन बसलाय ती यादी यायची, लेव्हलसकट. पण यादीची गरज कोणाला होती, भिंती इतक्या पातळ की शेजारच्या खोलीतून "अल्टी आहे का रे?" असं कोणी ओरडलं तर दोन्ही टीमला ऐकू जायचं, आणि "नाही, माना नाही" हे उत्तर पण. मग काही हुशार लोक खोटंच ओरडायला लागले. माना नाही म्हणायचे आणि दणकन टाकायचे. त्यावरून मेसमध्ये भांडणं झालीयेत, ताटावरून उठून गेलेत लोक.

आता ते ओरडणं गेलं. आता ऑल्ट धरून स्वतःच्या अल्टीवर क्लिक केलं की गेमच टीमला सांगतो, तयार आहे, किंवा इतके सेकंद बाकी, किंवा माना कमी पडतोय. शत्रूच्या आयटमवर तसंच केलं तर सगळ्यांना कळतं की ह्याच्याकडे हे हे आहे. फार सभ्य सोय आहे. पण मराठी माणसाच्या हातात सभ्य सोय आली की तिचा टोमणा व्हायला वेळ लागत नाही. सपोर्टने वॉर्ड लावले नसतील तर काहीजण त्याच्या खणातल्या वॉर्डवर ऑल्ट क्लिक करत राहतात, टिंग टिंग टिंग. शिवी नाही, काही नाही, नुसतं टिंग. त्यापेक्षा शिवी परवडली.

मेलेल्या माणसाला मात्र सगळं दिसतं. गेम लांबली की मेल्यावर मिनिट-दीड मिनिट नुसतं बसून राहावं लागतं, हातात काही काम नाही, मग तो निवांत एकेकावर क्लिक करत सुटतो. आपल्यांवर, परक्यांवर. आणि मग सल्ले. "तू अजून बूटांवरच?" "अरे तुझ्याकडे फोर्स स्टाफ होता ना, मला का नाही ढकललं?" जिवंत असताना ह्याने एकदाही खाली बघितलेलं नसतं. माझं मत असं की मेलेल्याला माईक बंद ठेवायची सक्ती पाहिजे, पण मग आमच्या डिस्कॉर्डवर शुकशुकाटच होईल.

बरं, माहिती असली म्हणजे सगळं झालं असंही नाही. 2015 ची इंटरनॅशनल, म्हणजे डोटाची सगळ्यात मोठी स्पर्धा, सिएटलला, फायनलमध्ये इव्हिल जीनियसेस आणि चीनची सीडीईसी. चौथी गेम, सीडीईसीचे गडी रोशनच्या खड्ड्यात दाटीवाटीने, आणि वरून इव्हिल जीनियसेसचा हिरो अर्थशेकर उडी मारून त्याची अल्टी एको स्लॅम टाकतो. एको स्लॅमचं काम असं की जेवढे शत्रू जवळ तेवढा मार जास्त, आणि खड्ड्यात तर सगळे चिकटूनच उभे. 66 लाख डॉलरचं बक्षीस तिथेच फिरलं. आता त्या लेव्हलच्या खेळाडूंना शेकरकडे काय आहे हे माहीत नसेल असं मला काही वाटत नाही. माहीत असतंच. पण रोशन अर्धा झालेला असतो, सोडवत नाही. आम्ही पण तो खड्डा सोडत नाही, आमच्यावर तर एक डॉलर पण लागलेला नसतो.

2018 पासून डोटा प्लस म्हणून महिन्याचे पैसे भरायची एक सोय आहे, ती बाकी गोष्टींबरोबर पुढे काय घ्यावं हे पण सुचवते. मी काही दिवस घेतलेली. सुचवतं ठीकठाक, पण मला नाही आवडलं ते. समोरच्याचे खण बघून स्वतः ठरवायचं ह्यातच तर सगळी गंमत आहे, ती पण दुसऱ्याला दिली तर माझ्याकडे नुसतं माऊस हलवणं उरलं.

आता आमच्यात एक महाभाग आहे, पज नावाचा हिरो खेळतो, फक्त पज. तो जन्मात कोणावर क्लिक करत नाही आणि आमच्या पाचांत रेटिंग त्याचंच सगळ्यात जास्त आहे, ह्याचं स्पष्टीकरण माझ्याकडे नाही. अंधारातून हुक टाकतो, माणूस ओढून आणतो, आणि मग पकडून खायला जातो तर लिंकन्स फुटते. लिंकन्स स्फिअर म्हणजे नेम धरून टाकलेला एक स्पेल अडवणारा आयटम, हुक अडवत नाही पण खाणं अडवते. मग तो शत्रू आमच्या मधोमध ताजातवाना उभा, आणि आम्ही सगळे एकमेकांच्या तोंडाकडे बघत. किती वेळा सांगितलं, बाबा रे, निदान लिंकन्स आहे का तेवढं तरी क्लिक करून बघत जा. तर म्हणतो, "तू बघतोस ना? मग झालं की. पाचही जण बघत बसले तर मारायचं कोणी?" ह्यावर मला अजून उत्तर सुचलेलं नाही, त्यामुळे सध्या असं ठरलंय की हुक लागला की मी आधी "लिंकन्स, लिंकन्स" ओरडायचं, अकाउंटंटने काहीतरी फुटकळ स्पेल टाकून ती फोडायची, आणि मग पजने जेवायला बसायचं.