मायच्या डोळ्याचा मलम आणि सराफाचा काटा

यंदा आखाजीच्या (अक्षय्य तृतीयेच्या) आधी मायचा डावा डोळा लाल झाला, आम्हाला वाटलं केळीच्या बागेत कचरा गेला असेल, दोन दिवस नुसतं पाणी मारत बसलो. घरात जुना स्टेरॉइडचा ड्रॉप पडलेला होता, तो घातला नाही हे फार बरं झालं, कारण डॉक्टरांनी डोळ्यात पिवळा रंग लावून निळ्या लाइटमध्ये पाहिलं तर बुबुळावर झाडाच्या फांदीसारखी हिरवी रेघ. म्हणे हर्पीसचा व्हायरस आहे, ह्याच्यात मनानं स्टेरॉइड घातलं तर जखम पसरते आणि कायमचं फूल पडू शकतं. असायक्लोविरचा ३ टक्केवाला मलम दिला, ५ ग्रॅमची ट्यूब, एक सेंटीमीटर, दिवसातून ५ वेळा, १४ दिवस. आणि जखम भरली की वर आणखी ३ दिवस, मधे खंड नको.

आम्ही सकाळी ६, १०, दुपारी २, संध्याकाळी ६ आणि रात्री १० अशी वेळ बांधून घेतली. दिवसा वहिनी लावायची, सकाळी आणि रात्री मी. चौथ्या दिवशी रात्री ट्यूब हातात घेतली तर हलकी लागली, मनात धस्सच झालं. फैजपूरला मेडिकलवर विचारलं, एकच होती ती तुम्हालाच दिली, आता जळगावहून मागवावी लागेल, दोन दिवस धरा, आणि आखाजीला तर दुकान बंदच. म्हणजे ट्यूब नेमकी कोणत्या दिवशी संपणार हे कळायलाच पाहिजे होतं, अंदाजावर मायचा डोळा कसा सोडणार?

मग डोक्यात आलं की ओळखीच्या सराफाकडे काटा आहे, ग्रॅमच्या पुढे तीन आकडे दाखवतो. पाचव्या दिवशी सकाळी ६ चा मलम लावायच्या आधी ट्यूब टोपणासकट मोजून आणली, सहाव्या दिवशी त्याच वेळेला परत मोजली. (सराफकाका दोन्ही दिवस माझ्यासाठी पहाटे उठले, त्यांचे उपकार आहेत.) फरक निघाला ०.४५ ग्रॅम, म्हणजे एका वेळेला ९० मिलिग्रॅम. आता पाच दिवसांत २.२५ ग्रॅम गेला, राहिला २.७५, त्यातला अर्धा ग्रॅम तरी ट्यूबच्या कडेला आणि नाकाडात अडकून राहणार असं धरलं, तर हाताशी २.२५. त्याला ०.४५ नं भागलं की पाचच दिवस. दहाव्या दिवशी रात्री ट्यूब खलास, आणि दहावा दिवस म्हणजे नेमकी आखाजी!

पण मग प्रश्न पडला की डॉक्टरांनी सांगितलेला एक सेंटीमीटर खरंच ९० मिलिग्रॅमचा असतो का. पोराची कंपासमधली पट्टी घेतली, स्वच्छ प्लास्टिकच्या तुकड्यावर वहिनीला नेहमीसारखा दाब द्यायला सांगितला, तर जवळजवळ पावणेदोन-दोन सेंटीमीटर. माझा हातही तेवढाच. सगळ्यात मोठं कारण ऊन, ट्यूब आम्ही खिडकीत ठेवायचो, आणि ह्या मलमाचा बेस पेट्रोलियम जेलीसारखा असतो, आपल्याकडच्या ४४-४५ डिग्रीत तो इतका पातळ होतो की बोट लागताच बदाबदा येतो. खालच्या पापणीच्या खोबणीत तेवढा मावतच नाही, जास्तीचा गालावर ओघळतो, मायच्या पदराला रोज डाग का पडायचे ते आता कळलं. लोक म्हणतात थोडा जास्त गेला तर काय बिघडतं, मला विचाराल तर बिघडतं, कारण शेवटचे चार दिवस औषधच उरत नाही.

ट्यूब माठाशेजारी सावलीत ठेवली, पट्टी बघून बघून एक सेंटीमीटरचा हात बसवला, नाकाड डोळ्याला टेकवायचं नाही हे वहिनीला परत सांगितलं, आणि पुढच्या सकाळी पुन्हा मोजलं. ०.२५ ग्रॅम. सराफकाका म्हणाले ह्या तर दोन गुंजा झाल्या, जुना तोळा ९६ गुंजांचा. दिवसाला दोन गुंजा औषध, हा हिशोब मायला लगेच समजला, आणि म्हणे, "सोनाना काटावर मलम मोजस का रे भाऊ?" मी म्हटलं, हो माय, तुझ्या डोळ्यापेक्षा सोनं काय मोठं आहे का.

२.२५ ला ०.२५ नं भागलं तर ९ दिवस. आधीचे ५ आणि हे ९, बरोबर १४. तरी दुसरी ट्यूब मागवलीच, कारण जखम भरल्यावरचे ३ दिवस ह्या हिशोबात बसत नव्हते. आणि दोन्ही खोक्यांवर पेनानं उघडल्याची तारीख टाकली, उघडल्यापासून २८ दिवसांनी हा मलम फेकायचा असतो, कितीही उरला तरी, आणि दुसऱ्याच्या डोळ्याला तर लावायचाच नाही.

पहिली ट्यूब चौदाव्या दिवशी रात्री १० च्या वेळेला संपली, मागून गुंडाळत गुंडाळत आणली होती तेव्हा कुठे शेवटचा सेंटीमीटर निघाला. दुसऱ्या दिवशी डॉक्टरांनी परत तो पिवळा रंग लावला, निळ्या लाइटमध्ये रेघ दिसली नाही. येताना रिकामी ट्यूब सराफाकडे नेली, मोजली, कात्रीनं उभी कापून आतून पुसून परत मोजली. आत अडकलेला मलम निघाला ०.४२ ग्रॅम.